एकशे विसावं पाखरू

बोरमाळ वस्तीवरच्या बायका सुलक्षणेबद्दल म्हणत, "तिच्या पुढ्यात तांदळाचं सूप ठेवा, खडा आपण होऊन उठून उभा राहतो." रस्त्याच्या तोंडाशी राहणाऱ्या नकुशीआत्याचं म्हणणं त्याहून एक पायरी वर होतं. "ती नुसती बघाया लागली तरी वाटतंय बया, काल आपण काय जेवलो ते दिसतंय हिला पोटातलं."

हे सगळं कौतुकानंच बोललं जाई. पण ज्या वर्षी घरात वाटपाचा विषय निघाला, त्या वर्षी याच वाक्यांना निराळा वास येऊ लागला, आणि तो पहिल्यांदा आला तो तिच्या थोरल्या जावेला, तुळजाबाईंना.

पाटस आणि कुरकुंभ यांच्या मधल्या माळावर ही वस्ती आहे. तुळजाबाईंचं घर आणि सुलक्षणेच्या दोन खोल्या यांत एकच भिंत होती. तिला प्लास्टर केलं ते तुळजाबाईंच्या नवऱ्यानं, पोपटरावांनी, आणि तेही आपल्याच बाजूनं. त्यामुळे पलीकडे भांडं पडलं तरी ते कुठलं, हे तुळजाबाईंना अलीकडे कळे. त्या स्वभावानं वाईट नव्हत्या. मात्र लग्नानंतरची तीस वर्षं त्यांनी पोपटरावांच्या घरात काढली होती, आणि त्या घरात कुणी पाणी मागितलं तरी आधी 'का' असं विचारण्याची रीत होती.

सुलक्षणेच्या नजरेचा पहिला प्रत्यय तुळजाबाईंनाच आला होता. ती नवी नवरी होऊन आली त्या वर्षी खळ्यावर तुळजाबाईंच्या मंगळसूत्राची एक वाटी हरवली. घरातल्या सगळ्यांनी भुसा चाळला, माती चाळली. सासूबाईंनी तर बैलांच्या शेणातही हात घातला. सुलक्षणा बाजूला उभी राहून बघत होती. दिवस कलला, उन्हं तिरपी झाली, तशी ती खाली बसली, गाल जमिनीला टेकवला आणि तसाच ठेवून म्हणाली, "अक्का, ती बघा. बाभळीच्या मुळीपाशी." जे डोक्यावरच्या उन्हात कुणाला दिसलं नव्हतं, ते आडव्या उन्हात चमकलं होतं. तुळजाबाईंनी तिला पोटाशी धरलं. ते त्या आजही नाकारीत नसत.

तिचं माहेर तळेगाव ढमढेऱ्याचं, भाजीपाल्याचं. बाजाराच्या आदल्या दिवशी मेथीच्या जुड्यांतून गवताची काडी वेचायची सवय हाताला लहानपणीच लागलेली. नवरा रविराज कुरकुंभहून रसायनांचा टँकर घेऊन गुजरातेत जाई. नऊ वर्षांपूर्वी असाच गेला आणि महामार्गावरच्या अपघातात संपला. लेक समृद्धी तेव्हा तिसरीत होती. सुलक्षणेनं दीड महिना घरात काढला आणि नंतर कुरकुंभच्या एका औषध कंपनीत तपासणीच्या लाईनवर जागा मिळवली.

तिथलं काम साधं दिसे, पण शंभरातल्या नव्वदांना ते जमत नसे. इंजेक्शनच्या काचेच्या बाटल्या समोर येत. एकेक उचलायची, हलकेच फिरवायची, आणि प्रखर दिव्याखाली पाच आकडे मोजेपर्यंत काळ्या पाटीपुढे धरायची, मग पाच आकडे पांढऱ्या पाटीपुढे. पांढरा कण काळ्यापुढे दिसतो, काळा कण पांढऱ्यापुढे. म्हणून दोन्हींपुढे धरल्याशिवाय बाटली पुढे सोडायची नाही. तासाभरानं डोळ्यांना विश्रांती. शिवाय दरवर्षी परीक्षा: साहेब लोक चांगल्या बाटल्यांत मोजून वीस खराब बाटल्या लपवीत आणि त्या शोधायला लावीत. एका वर्षी सुलक्षणेनं एकवीस काढल्या. साहेब म्हणाले, "मॅडम, एक चुकली तुमची." ती म्हणाली, "तुम्ही वीस लपवल्या असतील. एकविसावी कुणी लपवली ते मला ठाऊक न्हाई." भिंगाखाली धरल्यावर तिच्यात केसाहून बारीक धागा निघाला.

कंपनीनं तिला आणखी एक सवय लावली. जे काही केलं ते त्याच क्षणी लिहायचं, खाली तारीख, वेळ, सही. चूक झाली तर खोडायचं नाही, एकच रेघ मारून शेजारी पुन्हा सही करायची. तिथं सगळ्यांना पाठ करवलेलं वाक्य होतं, 'लिहिलं नाही ते झालंच नाही.' ती घरी दूधवाल्याची वहीसुद्धा तशीच ठेवी. पोपटराव थट्टा करीत, "कोर्टात केस हाय का गं दुधाची?"

समृद्धी पुण्याला फार्मसीच्या कॉलेजात गेली, तेव्हा टीव्हीला जोडलेला गेमचा काळा डबा मागे राहिला. मैत्रिणीकडून जुना घेतलेला, हॉस्टेलवर ठेवायला जागा नाही. जाताना ती म्हणाली, "आई, माझी चौऱ्याहत्तर पाखरं झालीत. राहिलेली तू शोधून ठेव." थट्टाच होती ती. पण पहिल्या पाळीहून आल्यावर चार वाजता घर इतकं मोकळं वाटू लागलं की एके दिवशी सुलक्षणेनं त्या डब्याचा रिमोट हातात घेतला.

गेममध्ये एक गाव होतं. धरणाखाली गेलेलं, आणि पाणी ओसरल्यावर पुन्हा वर आलेलं. खांद्याला दोर अडकवून एक मुलगी त्यात हिंडते, हरवलेल्या बहिणीचा माग काढते. पण गोष्टीच्या वाटेपासून दूर, जिथं जायचं काही कारण नाही अशा जागी, कौलांच्या फटीत, कोनाड्यात, झाडाच्या ढोलीत, अंगठ्याएवढी सोनेरी पाखरं लपवून ठेवलेली असतात. एकूण एकशे वीस. ती नाही सापडली तरी गोष्ट पुरी होते. सुलक्षणेला हेच पटेना. लपवलेलं आहे हे ठाऊक असताना ते तसंच सोडून माणूस पुढे जातो कसा? तिनं लेकीची चौऱ्याहत्तर बाजूला ठेवून एकपासून सुरुवात केली, आणि पहिल्याच दिवशी शंभर पानी वही काढली.

तुळजाबाईंनी तिला असं बसलेलं पाहिलं ते श्रावणात. वाटीभर पुरण द्यायला गेल्या होत्या.

"काय करतीस गं?"

"गेम खेळते, अक्का."

"तू?"

"व्हय. ह्या गावात पाखरं लपवल्यात. शोधायची."

तुळजाबाई हसल्या, पण उंबरा ओलांडताना थबकल्या. बेचाळीस वर्षांची बाई, आठ तास कंपनीत डोळे फोडून येते आणि घरी येऊन पोरांचा खेळ खेळते? आणि ते इतक्या सरळ सांगते? ज्याला लपवायचं नसतं तो एवढ्या सहज सांगत नाही, आणि ज्याला लपवायचं असतं तोच सहज सांगतो. हा हिशेब त्यांच्या घरातला होता आणि तो त्यांना तोंडपाठ होता.

दिवाळीनंतर वाटपाचं निघालं. विषय सुलक्षणेनंच काढला. रविराजच्या हिश्श्याची जमीन तिच्या आणि समृद्धीच्या नावावर वेगळी व्हावी, एवढंच तिचं म्हणणं. ती हातात आली की त्यावर दोन खोल्या बांधायच्या. दुसऱ्याच्या भिंतीला टेकून किती वर्षं राहायचं? पोपटरावांनी आठ दिवस घेतले आणि निवाडा दिला. वरचा मुरमाड माळ, दोन एकर, बुजलेल्या विहिरीसकट, तो तिचा. कालव्याखालचं रान, जिथं ऊस उभा होता आणि जो दरवर्षी पाटसच्या कारखान्याला जाई, ते त्यांचं. त्या माळावर कुसळाशिवाय काही येत नव्हतं. रडारड होईल, माहेरची माणसं येतील, भावकी बसेल, अशी तयारी ठेवूनच पोपटराव बोलले होते.

सुलक्षणेनं पाच आकडे मोजावेत तेवढा वेळ घेतला. मग म्हणाली, "चालंल. पर कागद लौकर करा, आप्पा."

त्या रात्रीच्या जेवणात पोपटरावांची भाकरी ताटात तशीच राहिली. "मी तिला दगड दिला आन् ती चालंल म्हणली. भांडली का न्हाई?"

"गरीब हाय ती," तुळजाबाई म्हणाल्या.

"गरीब? जिला बाटलीतला केस दिसतो ती गरीब? कुठंतरी पाणी मुरतंय."

त्या बुजलेल्या विहिरीबद्दल जुनं बोलणं होतं. पोपटरावांच्या आज्यानं ती एका दिवसात का बुजवली, हे कुणाला ठाऊक नव्हतं. बहुधा पाणी लागलं नाही म्हणून. पण 'पाणी लागलं नाही' ही गोष्ट सांगण्यात कुणाला गोडी नसते, म्हणून वस्ती म्हणे की खाली हंडा लागला होता आणि आजा भ्याला. साठ वर्षं हे बोलणं झोपून होतं. आता पोपटरावांच्या डोक्यात ते उठून बसलं.

वही तुळजाबाईंच्या हाती लागली ती संक्रांतीच्या आदल्या दिवशी. सुलक्षणा कंपनीत होती. तिच्या घराची किल्ली कायम तुळजाबाईंकडेच असे. गवळी तिचं दूध त्यांच्याकडे देऊन जायचा म्हणून. त्या दूध ठेवायला गेल्या, वही टीव्हीखाली होती, आणि त्या सातवीपर्यंत शिकलेल्या होत्या.

प्रत्येक पानावर पेन्सिलीनं काढलेला नकाशा. देऊळ, ओढा, दोन झाडं, विहीर. खाली ओळी: 'विहिरीत, वरून तिसरी पायरी, उजव्या कोनाड्यात – १ सोनेरी. सापडलं.' पुढे तारीख, वेळ, सही. 'देवळाच्या मागच्या भिंतीत, सैल दगडामागं – १ सोनेरी. सापडलं.' सही. 'पिंपळाच्या ढोलीत – १.' सही. एका ठिकाणी चुकलेली ओळ एका रेघेनं कापून शेजारी पुन्हा सही. शेवटच्या पानावर: 'एकूण १२०. सापडली ११९. १ राहिलं. बहुतेक विहिरीकडंच. पुन्हा बघणे.'

तुळजाबाईंनी ते शेवटचं पान पुन्हा वाचलं. देऊळ, ओढा, दोन झाडं आणि विहीर कुठल्या गावात नसतात? पण त्या क्षणी त्यांच्या डोळ्यांपुढे एकच गाव होतं. शिवाय खेळाच्या खाली तारीख घालून सही कोण करतं?

त्यांनी वही आपल्या मते जशी होती तशी ठेवली, आणि तिच्यातलं सगळं पोपटरावांना सांगितलं.

पोपटराव ऐकत गेले तसतसे शांत होत गेले, आणि ते शांत झाले की तुळजाबाईंना भीती वाटे. "एकशे एकोणीस," ते म्हणाले. "आपल्या रानातनं. आन् आपण तिला साखर देतो उसनी."

"पर ती म्हणती ते टीव्हीतलं हाय."

"मग जा. म्हण दाखव."

तुळजाबाई संक्रांतीचं वाण घेऊन गेल्या, तिळगूळ हातावर ठेवला आणि शक्य तितक्या मायेनं म्हणाल्या, "तुझा त्यो खेळ दाव की मला एकदा."

सुलक्षणेच्या चेहऱ्यावर जे उमललं ते खोटं नव्हतं. इतक्या महिन्यांत कुणी विचारलंच नव्हतं. तिनं त्यांना पलंगावर बसवलं, टीव्ही लावला. ती मुलगी चालू लागली. ओढा आला, देऊळ आलं. मग विहीर. मुलगी दोर सोडून आत उतरली. एक, दोन, तिसरी पायरी. सुलक्षणेनं बोट दाखवलं. "हितं बघा. हितं होतं. आता रिकामं दिसतंय, मी घेतलं ना म्हणून."

रिकामा कोनाडा. तुळजाबाईंनी तो डोळ्यांनी पाहिला. मुलीच्या हातातल्या थैलीत सोनं चमकताना पाहिलं. सुलक्षणा रंगात येऊन सांगत होती. ही पाखरं अंधारात चकाकतात, म्हणून टीव्हीचा उजेड कमी केला की पटकन दिसतात. बाटल्यांचं काळ्या पाटीपुढे असतं ना, तसं. शेवटचं एक मात्र काही केल्या घावत नाही. समृद्धी म्हणते मोबाईलवर बघून सांगते, सगळ्या जागा तिथं दिलेल्या असतात. "मी म्हणलं नको. दुसऱ्यानं सांगितल्यावर सापडलं, त्यात आपलं काय?"

तुळजाबाई घरी आल्या त्या घामेजून. "अवो, हाय. विहीर हाय टीव्हीत. तिसरी पायरीबी हाय. सोनं हाय थैलीत."

पोपटरावांनी चघळलेलं पान थुंकलं. मग त्यांनी जे काढलं ते ऐकून कुणीही हसलं असतं, पण ऐकायला तुळजाबाईच होत्या. "त्यो डबा. त्यो डबा खेळाचा न्हाई. कंपनीतनं आणलेलं यंत्र हाय ते. जमिनीखालचं दावणारं. विमानातनं खालचं पाणी दिसतंय म्हंत्यात, मग सोनं न्हाई दिसायचं? टीव्हीला जोडलं की आपलं रान दिसतंय तिला, आतनं."

"मग तिनं मला का दावलं?"

"संशय येऊ न्हाई म्हणून!"

 दाखवलं नसतं तर लपवते म्हणून, आणि दाखवलं तर लपवते हे कळू नये म्हणून. तुळजाबाईंना पोटापाण्याचे सगळे व्यवहार कळत. हा कळला नाही, तरी त्या मान हलवीत राहिल्या. त्यानंतर महिनाभर त्यांनी भिंतीला कान दिला. पलीकडून फोनवरचं बोलणं येई, "न्हाई गं अजून... विहिरीकडचं सगळं बघून झालं... तू सांगू नको, मी काढते बरोबर." आणि प्रत्येक शब्दानं अलीकडची खात्री वाढत जाई.

वाटपाची तारीख फेब्रुवारीत लागली, दौंडच्या तहसील कचेरीत. समृद्धी सहीपुरती पुण्याहून रेल्वेनं आली. कारकुनानं कागद पुढे ओढले, नावं विचारली, आणि लिहिणार तोच पोपटराव खाकरले.

"साहेब, जरा बदल हाय. माळ मला ठेवा. विहिरीसकट. कालव्याखालचं दोन एकर हिला द्या."

कारकुनानं चष्मा वर सरकवला. या खुर्चीत त्यानं पुष्कळ भावकी पाहिली होती, पण चांगलं देऊन वाईट मागणारा थोरला भाऊ पहिलाच. "मामा, उलटं बोलताय का?"

"न्हाई. इधवा बाई हाय. देवाधर्माचं बघावं लागतंय."

तुळजाबाई मागे बाकावर होत्या. त्यांना सुलक्षणेची पाठ दिसत होती. ती हलली नाही. पोपटरावांनी समोर ठेवलेली गोष्ट ती आधी काळ्यापुढे धरते आहे आणि मग पांढऱ्यापुढे, हे तुळजाबाईंना कळायचं कारण नव्हतं. पण आपल्या नवऱ्याच्या मानेवर घाम आला आहे, हे मात्र त्यांना मागून स्पष्ट दिसलं.

"आप्पा," सुलक्षणा म्हणाली, "तुम्ही माझी वही बघितली का?"

पोपटरावांनी खिशातून रुमाल काढला. "कसली वही?"

"अक्कांनी बघितली आसंल. माझी वही मी सरळ ठेवते, संक्रांतीच्या आदल्या दिवशी उलटी होती." ती वळली नाही, आवाजही चढला नाही. "त्यात गेम हाय. टीव्हीतला. आपल्या विहिरीत काय न्हाई. मी तुम्हाला आत्ता सांगते, साहेबांपुढं."

"बरं. न्हाई तर न्हाई," पोपटराव म्हणाले आणि कारकुनाकडे पाहून हसले. "तरी मला माळच पायजे. जुन्या माणसांची आठवण."

समृद्धीनं ओढणीत तोंड खुपसलं होतं. तिचे खांदे हलत होते. सुलक्षणेनं तिच्या गुडघ्यावर हात दाबून ते थांबवले.

"मग साहेब, जबाबात लिहा. अदलाबदल थोरल्या दिरांनी आपण होऊन मागितली. आन् विहिरीत काही न्हाई हे मी त्यांना आधी सांगितलं, तेबी लिहा."

"असलं कोण लिहितं, बाई?"

"आमच्याकडं लिहितात. लिहिलं न्हाई ते झालंच न्हाई."

"लिवा हो, लिवा," पोपटराव घाईनं म्हणाले. "शाईला काय तोटा हाय कचेरीत?" आणि आपली सही त्यांनी सगळ्यांच्या आधी ठोकली.

परतीच्या वाटेवर जीपमध्ये तुळजाबाई हळूच म्हणाल्या, "तिनं असं का लिवून घेतलं असंल?" आपलंच तर काही चुकत नसेल, असा संशय महिन्याभरात प्रथमच त्यांच्या आवाजात होता.

"आपण भिऊन मागं सरावं म्हणून. लई हुशार हाय." पोपटराव खिडकीबाहेर बघत होते. "पर मी काय दूधखुळा न्हाई."

कागद पक्के व्हायला, ऊस तुटून जायला चैत्र उजाडला. मग पोपटरावांनी जेसीबी लावला. विहीर उपसायची आहे, असं वस्तीला सांगितलं. पण साठ वर्षं बुजलेली विहीर उन्हाळ्यात एकदम कुणाला आठवते? पहिल्याच सकाळी नकुशीआत्या बांधावर येऊन बसल्या, डब्यासकट. "बसा की आत्या घरी, ऊन हाय," पोपटराव म्हणाले. "असूं दे, पोपट. ऊन काय, रोजचंच. हे काय रोज बघाया मिळत न्हाई." दुपारपर्यंत निम्मी वस्ती जमली. ज्या डोळ्यांनी ते सुलक्षणेकडे बघत आले होते, तसलेच डोळे आता त्यांच्यावर होते, आणि त्यांना ते पाठीत टोचत होते.

तुळजाबाईही तिथून हलल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी जेवायलाही गेल्या नाहीत. त्यांनी कुणाला सांगितलं नाही, पण एक विचार त्यांच्या मनात येऊन बसला होता आणि तो निघेना. हंडा निघाला तर हे मला तरी दाखवतील का? तीस वर्षांच्या संसारात हा प्रश्न त्यांनी स्वतःला पहिल्यांदा विचारला, आणि उत्तर आलं तेव्हा त्यांनी पदर डोक्यावर आणखी पुढे ओढला.

तिसऱ्या दिवशी तळ लागला. निघालं ते एवढंच: मुरूम, गाळ, एका जुन्या इंजिनाचं गंजलेलं चाक, टायरच्या चपलेचा एक पाय आणि एक फुटका रांजण. रांजण दिसला तेव्हा पोपटराव स्वतः खाली उतरले, हातांनी माती उकरली. आत माती होती. तिसरी पायरी नव्हतीच, कारण त्या विहिरीला पायऱ्याच नव्हत्या. वरून नकुशीआत्या म्हणाल्या, "चप्पल कुणाची हाय रं पोपट? आज्याची आसंल तर ठीव जपून. जुन्या माणसांची आठवण."

त्याच दिवशी चार वाजून गेल्यावर पोपटराव सुलक्षणेच्या दारात गेले. कपड्यांवर गाळ तसाच होता. मागे तुळजाबाई. सुलक्षणा कंपनीचा गणवेश बदलून चहा गाळत होती. टीव्ही बंद होता.

"फसवलंस," पोपटराव म्हणाले.

"बसा, आप्पा."

"बसाया न्हाई आलो. त्यो कागद फिरवायचा. उद्या दौंडला चल. माळ तुझा, कालव्याचं माझं, पैल्यासारखं."

सुलक्षणेनं चहाचा कप खाली ठेवला, पत्र्याच्या पेटीतून प्लास्टिकच्या पिशवीतला कागद काढला आणि तो त्यांच्या हाती न देता दोन्ही हातांनी समोर धरला. खालची पहिली सही पोपटरावांची होती. तिच्या वरच्या दोन ओळी त्यांनी त्या दिवशी वाचल्या नव्हत्या, आज वाचल्या.

"न्हाई फिरवायचा," ती म्हणाली. "पाया परवा खणतोय. तुमच्या भिंतीला त्रास न्हाई आता."

"तू मुद्दाम वही ठेवलीस. मुद्दाम!"

"कुलूप लावून गेले होते मी."

 पोपटराव वळले, आणि अंगणातून जाताना त्यांच्या पायांच्या गाळाचे ठसे उमटत गेले. तुळजाबाई मात्र उंबऱ्यातच राहिल्या. किल्ली अजून त्यांच्या कमरेला होती. त्यांनी ती सोडवली आणि फळीवर ठेवली.  दुसरा कप काढून सुलक्षणेनं त्यांच्यासाठी चहा ओतला.

टीव्हीखालची वही उघडीच होती. शेवटची ओळ एका रेघेनं कापलेली, शेजारी सही, आणि खाली नवी ओळ: 'विहिरीकडं नव्हतं. आधीच्या बघण्यात चूक माझी. फक्त काळ्यापुढं बघितलं. हे पाखरू गंजलेलं, चकाकत न्हाई. उजेड पूर्ण वाढवल्यावर पांढऱ्या भिंतीवर दिसलं. सापडलं.' तारीख रविवारची.

तुळजाबाईंनी या वेळी वाचलं नाही. वहीकडे पाहायचीही त्यांना चोरी झाली होती. चहाचे दोन घोट घेतल्यावर त्यांनी विचारलं. सोन्यासाठी नव्हे. इतके दिवस भिंतीला कान लावून ऐकलेल्या गोष्टीचा शेवट ठाऊक नसणं त्यांना सोसवेना.

"आन् ते शेवटचं? घावलं का गं?"

सुलक्षणेनं त्यांच्याकडे पाहिलं. पाच आकडे, आणि आणखी पाच.

"घावलं, रविवारीच. पर तुम्हाला न्हाई दिसायचं, अक्का. मी टीव्हीकडं बोट दावत होते आन् तुम्ही माझ्याकडंच बघत बसला होता."